प्रार्थनेचा विषय होण्याआधी : कोल्हापुरातल्या पाळकांना आणि वडिलांना खुलं पत्र

आदरणीय पाळकसाहेब, मंडळ्यांचे वडील, डीकन आणि महिला मंडळाच्या भगिनींनो,

प्रभूमध्ये सलाम.

यंदा लेंटच्या, म्हणजे ईस्टरआधीच्या उपवासाच्या दिवसांत आपल्या शहरात झालेल्या एका संयुक्त सभेत बाहेरगावच्या वक्त्यांनी सांगितलं, की मानसोपचार ही फ्रॉइड नावाच्या नास्तिकाची देणगी आहे आणि ज्याचा विश्वास पक्का त्याला असल्या गोष्टींची गरज पडत नाही. मंडपातून मोठ्याने ‘आमेन’ आलं. मी तिसऱ्या रांगेत होते. शेजारी आमच्याच मंडळीतली एक बावीस-तेवीस वर्षांची मुलगी बसली होती. तिच्या पर्समध्ये गोळ्यांची पट्टी आहे हे मला ठाऊक होतं, कारण आदल्या महिन्यात तिला डॉक्टरांकडे मीच घेऊन गेले होते. सगळ्यांबरोबर तिचेही ओठ ‘आमेन’साठी हलले. सभा सुटल्यावर चपला शोधता शोधता तिने मला हळूच विचारलं, “ताई, म्हंजे माझा विश्वासच कमी पडतोय व्हय?”

त्या रात्री मला तिला धड उत्तर देता आलं नाही. दोन दिवसांनी तिला घरी बोलावलं, चहा केला आणि आम्ही बराच वेळ बोललो. तेव्हा जे सांगितलं तेच आज तुमच्यापुढे ठेवते आहे. तिची परवानगी घेतली आहे, आणि ती ओळखू येणार नाही इतपत तपशील बदलले आहेत. हे आवर्जून सांगते, कारण या पत्राचा निम्मा विषय तोच आहे.

मी बाहेरची नाही. अमेरिकन मिशनरी वाइल्डरसाहेब १८५२ साली कोल्हापुरात आले. त्यांनी लावलेल्या झाडाच्या सावलीत आमच्या चार पिढ्या वाढल्या. आजी मिरजेच्या मिशन दवाखान्यात नर्स होती, आजोबा मंडळीचे वडील होते, आणि मी स्वतः पंधरा वर्षं शब्बाथ शाळेत शिकवलं. विश्वास सोडलेली बाई चर्चवर राग काढते आहे असं कृपा करून समजू नका. दर रविवारी मी तुमच्यासमोरच बसलेली असते.

आमच्या घरी रोज संध्याकाळी सातला कौटुंबिक प्रार्थना व्हायची. लाइट गेली तर कंदील लावून व्हायची, पण चुकायची नाही. आम्ही नातवंडं सतरंजीवर ओळीने बसायचो आणि प्रत्येकाने एक वचन म्हणायचं. माझा धाकटा भाऊ बोलताना अडखळायचा. एक दिवस तो ‘परमेश्वर माझा मेंढपाळ आहे’ यातल्या पहिल्याच अक्षरावर अडकला, प-प-प करत राहिला, आणि मी फिसकन हसले. सात वर्षांची असेन. आजोबांनी मला मारलं नाही. त्यांनी चष्मा पुसला, पवित्र शास्त्र उघडलं आणि दुसरे राजे, दुसरा अध्याय वाचायला घेतला. अलीशा संदेष्टा वाटेने चालला आहे, गावातली पोरं त्याला टकल्या म्हणून चिडवतात, तो त्यांना शाप देतो, रानातून दोन अस्वली येतात आणि बेचाळीस मुलांना फाडून टाकतात. वाचून झाल्यावर आजोबा माझ्याकडे बघून एवढंच म्हणाले, “देवाला हसणारी पोरं आवडत नाहीत.” मग नेहमीसारखी प्रार्थना झाली, जेवणं झाली. त्या रात्री परसदाराची कडी मी तीनदा उठून बघितली.

आजोबा दुष्ट नव्हते. खांद्यावर बसवून मला रंकाळ्यावर न्यायचे. ‘ज्ञानोदया’च्या जुन्या अंकांतल्या अक्षरांवर बोट ठेवून मला वाचायला त्यांनीच शिकवलं. त्यांना त्यांच्या वडिलांनी असंच वाढवलं होतं, आणि धाक म्हणजेच माया असं त्यांना मनापासून वाटत होतं.

अकरावीत गेल्यावर मला मंत्रचळ लागला. आपल्या भाषेत हा शब्द आहे आणि तो फार नेमका आहे. प्रभूची प्रार्थना म्हणताना मध्येच एखादा घाण शब्द मनात यायचा. मग पुन्हा पहिल्यापासून. नीट झाली की मनातल्या मनात आकडे मोजायचे, बेचाळीसपर्यंत. मध्ये कुणी हाक मारली की पुन्हा एकपासून. जिन्याच्या पायऱ्या, भाकरीचे घास, वहीतल्या ओळी, सगळं त्या मोजणीत यायला लागलं. पवित्र आत्म्याविरुद्ध दुर्भाषण करणाऱ्याला क्षमा नाही हे वचन मला पाठ होतं, आणि ते पाप आपल्या हातून होऊन गेलंय याची खात्री होती. अयोग्य प्रकारे भाकर खाणारा स्वतःवर दंड ओढवून घेतो असं पौल करिंथकरांना लिहितो. म्हणून महिन्याच्या पहिल्या रविवारी प्रभुभोजनाच्या वेळी द्राक्षरसाच्या छोट्या प्याल्यांचा ट्रे बाकावरून सरकत आला की मी तो दोन्ही हातांनी धरायचे, प्याले किणकिणू नयेत म्हणून श्वास रोखायचे, आणि तसाच पुढच्या माणसाकडे द्यायचे. अकरा वर्षं. ज्या पंगतीला प्रभूने स्वतः बोलावलंय तिथे मी वाढपी होऊन राहिले.

शेवटी एका सेवकापाशी मन मोकळं केलं. कोण, कुठल्या मंडळीचा, हे लिहिणार नाही. त्याने जे केलं ते इतक्या ठिकाणी चालतं की एकाचं नाव घेणं अन्याय होईल. त्याने डोळे मिटून माझ्यासाठी प्रार्थना केली, मला बरं वाटलं. पुढच्या बुधवारी एका घरच्या प्रार्थना सभेत ‘प्रार्थनेचे विषय’ वाचताना माझं नाव आलं. अमुक भगिनीला सैतान प्रभुभोजनापासून दूर ठेवतो आहे, तिच्या सुटकेसाठी मागूया. तिथे पंचवीस माणसं होती. रविवारपर्यंत सगळ्या मंडळीला कळलं. मी ट्रे पुढे देते का, हे बघायला आता माना वळू लागल्या. माझं नाव घेणाऱ्यांच्या मनात काळंबेरं नव्हतं हे मला तेव्हाही कळत होतं. पण त्यानंतर मी कुणाशीच बोलेनाशी झाले, देवाशीसुद्धा.

वयाच्या चौतिसाव्या वर्षी, शाळेतल्या एका सहकारी बाईंच्या आग्रहाने, मी पुण्याला एका मनोविश्लेषक बाईंकडे, म्हणजे माणसाला मोकळं बोलू देऊन मनात दडलेलं उलगडणाऱ्या बाईंकडे, जाऊ लागले. शनिवाराआड पहाटेची एसटी, पन्नास मिनिटांची बैठक आणि रात्री परत. पुढे पुढे फोनवरून. त्या ख्रिस्ती नव्हत्या. पहिल्याच महिन्यात मी विचारलं, “तुम्ही देव मानता का?” त्या म्हणाल्या, “मी हो म्हटलं तर तुम्हाला काय वाटेल? आणि नाही म्हटलं तर?” मला राग आला. आता कळतं, की त्या प्रश्नात मी त्यांची परीक्षा घेत नव्हते. माझा निवाडा करणारं आणखी एक माणूस शोधत होते, आणि ते व्हायला त्यांनी नकार दिला.

त्यांच्याकडे एकच नियम होता. मनात येईल ते बोलायचं. लाजिरवाणं असो, फालतू असो, देवाविरुद्ध असो, निवडानिवड करायची नाही. दीड वर्ष मी बोलत होते. बेचाळीसच का, असं त्यांनी एकदा विचारलं होतं. मी म्हटलं, काही नाही, तो आकडा पुरा वाटतो. आणि हे बघा, शब्बाथ शाळेत अलीशाचा धडा आला की तो वर्ग मी दरवेळी दुसऱ्या बाईंकडे सोपवायचे, पण तसं का करते हे मी स्वतःला कधी विचारलं नव्हतं. एका शनिवारी मी भावाच्या लग्नाबद्दल बोलत होते. वचनं देताना तो ‘प’वर अडखळला होता आणि माझा श्वास कोंडला होता, हे सांगत होते. बोलता बोलता माझ्या तोंडून निघून गेलं, “मी त्रेचाळिसावी आहे.”

खोलीत बराच वेळ कुणी बोललं नाही. मग मला सतरंजी दिसली, आजोबांचा चष्मा दिसला. बेचाळीस मोजून झाले की अस्वलांचं पोट भरतं आणि माझी पाळी येत नाही. अकरावीपासून जवळजवळ वीस वर्षं मी हेच करत होते.

मंत्रचळ त्या दिवशी गेला नाही. असं काही झालं असं कुणी सांगत असेल तर विश्वास ठेवू नका. गोळ्या चालू होत्या, त्या पुढे तीन वर्षं घेतल्या. पण त्यानंतर मोजायला लागले की मला कळायचं, ही प्रार्थना नाही, ही परसदाराची कडी आहे. हळूहळू मोजणी सैल पडली. त्या बाईंनी माझा देव काढून घेतला का, असं मला त्या मुलीनेही विचारलं. मी म्हटलं, त्यांनी देवाला हातही लावला नाही. त्यांनी अस्वलं दाखवली. ती बाजूला झाल्यावर मागे कुणी उभं आहे का हे बघायचं काम माझं होतं, आणि मी ते केलं.

आता फ्रॉइडबद्दल, कारण सभेत त्याचं नाव निघालं होतं.

मनोविश्लेषणाची ही पद्धत सुरू करणारा व्हिएन्नाचा डॉक्टर तो हाच. तो नास्तिक होता यात शंका नाही. १९०७ सालच्या एका लेखात त्याने मंत्रचळाच्या रुग्णाची कर्मकांडं आणि धर्माचे विधी शेजारी शेजारी ठेवून दाखवले. दोन्हीकडे बारीकसारीक तपशिलाचा आग्रह, दोन्हीकडे काही चुकलं की जिवाला धास्ती. मला तो लेख वाचून राग आला नाही, कारण मी त्यातली रुग्णही होते आणि उपासकही. १९२७ साली ‘एका भ्रमाचं भवितव्य’ या पुस्तकात त्याने म्हटलं, की माणूस लहानपणी असहाय असतो, बापाचा आधार शोधतो, मोठेपणी जगापुढे पुन्हा असहाय होतो, आणि तोच बाप आभाळाएवढा करून त्याला देव म्हणतो. पण त्याच पुस्तकात एक बारकावा आहे, जो सभांमधून कुणी सांगत नाही. भ्रम म्हणजे खोटं असं तो म्हणत नाही. जी समजूत आपल्या इच्छेतून उगवते तिला तो भ्रम म्हणतो. ती खरीही निघू शकते. देव नाही हे त्याने सिद्ध केलेलं नाही आणि तसा दावाही केलेला नाही. त्याने एवढंच विचारलं, की तुम्ही ज्याला देव म्हणता त्यात तुमची भीती किती आणि तुमची इच्छा किती? हा प्रश्न यिर्मया संदेष्ट्याने विचारला असता तर आपण त्यावर प्रवचन केलं असतं.

आणखी एक गोष्ट मला हलवून जाते. फ्रॉइड यहुदी घरात जन्मला, १८५६ साली, आजच्या चेक देशातल्या एका लहान गावात. तिथे त्याला सांभाळायला एक कॅथलिक आया होती. ती त्याला चर्चमध्ये न्यायची, देवाच्या आणि नरकाच्या गोष्टी सांगायची, आणि घरी आल्यावर ते पोर देव काय काय करतो याची प्रवचनं झोडायचं, असं त्याची आई सांगत असे. तो अडीच-तीन वर्षांचा असताना त्या आयेवर चोरीचा आळ आला, ती तुरुंगात गेली आणि त्याच्या आयुष्यातून नाहीशी झाली. म्हणजे देव-नरकाच्या इतक्या गोष्टी त्याने सर्वांत आधी ऐकल्या त्या ख्रिस्ती बाईच्या तोंडून, आणि ती बाई एका दिवसात गेली. यावरून मी काही सिद्ध करत नाही. पण त्याचं पुस्तक वाचताना मला ते पोर आठवतं.

पाळकसाहेब, तुम्हाला खास सांगायचं आहे ते ऑस्कर फिस्टरबद्दल. हा झ्युरिकचा पाळक. १९०२ पासून १९३९ पर्यंत एकाच चर्चमध्ये त्याने सेवा केली. तो रिफॉर्म्ड मंडळीचा, म्हणजे आपल्या प्रेस्बिटेरियन परंपरेचं चुलत घराणं. मंडळीतल्या तरुणांशी बोलताना त्याला दिसायचं, की उपदेश कानापर्यंत जातो आणि दुखणं तिथल्या तिथे राहतं. त्याच्या हाती फ्रॉइडचं लिखाण आलं आणि १९०९ साली दोघांचा पत्रव्यवहार सुरू झाला, तो फ्रॉइडच्या मृत्यूपर्यंत, तीस वर्षं चालला. फ्रॉइडच्या घरात धर्माला जागा नव्हती, पण पाळकाच्या काळ्या कपड्यातला हा माणूस आला की मुलं त्याच्याभोवती गोळा व्हायची. फ्रॉइडने त्याला पहिल्या काही पत्रांतच लिहिलं, की मनोविश्लेषण स्वतः धार्मिकही नाही आणि धर्मविरोधीही नाही. ते एक निःपक्ष साधन आहे, दुःखिताच्या सुटकेसाठी पाळकानेही ते वापरावं आणि इतरांनीही. पाळकाच्या कामात याचा केवढा उपयोग आहे हे आपल्याला सुचलंच नव्हतं, अशी कबुलीही त्याने दिली.

१९१८ साली फ्रॉइडने त्याला विचारलं, की इतक्या धर्मशील लोकांपैकी कुणी मनोविश्लेषण का शोधलं नाही, त्यासाठी एका पूर्ण देवहीन यहुद्याची वाट का बघावी लागली? फिस्टरने उत्तर दिलं, की तुम्ही देवहीन नाहीच, कारण जो सत्यासाठी जगतो तो देवात जगतो. तुमच्याहून चांगला ख्रिस्ती झालेला नाही. पुढे १९२७चं ते पुस्तक निघण्याआधी फ्रॉइडने स्वतःच त्याला कळवलं होतं, की यात तुम्हाला दुखावणारं पुष्कळ आहे. फिस्टरने मैत्री तोडली नाही. १९२८ साली त्याने जाहीर उत्तर छापलं, आणि ते फ्रॉइडच्याच नियतकालिकात छापून आलं. त्याचा एक मुद्दा मला फार पटतो : इच्छेतून देव घडवायचा तर माणसाने शत्रूवर प्रीती कर म्हणणारा, वधस्तंभ उचल म्हणणारा देव कशाला घडवला असता? आणि विज्ञान एक दिवस सगळ्यावर पुरं पडेल ही फ्रॉइडची आशा, तीही इच्छेतूनच आलेली नाही कशावरून?

पण हाच फिस्टर मंडळीकडे वळला तेव्हा तितकाच सडेतोड बोलला. १९४४ साली त्याने ख्रिस्ती धर्म आणि भीती यांवर मोठा ग्रंथ लिहिला. त्याचा पाया योहानाच्या पहिल्या पत्रातल्या एका वचनावर आहे : पूर्ण प्रीती भीतीला घालवून देते. त्याने विचारलं, की प्रीतीच्या या धर्मात शतकानुशतकं इतकी भीती आली कुठून? त्याने कॅल्विनलाही सोडलं नाही, आपल्या घराण्याच्या मूळ पुरुषाला. एका पाळकाने हे लिहिलं आणि तो शेवटपर्यंत ख्रिस्ती राहिला. सभेतल्या त्या वक्त्यांना मनोविश्लेषणाविषयी बोलायचंच होतं, तर त्यांनी फ्रॉइडबरोबर फिस्टरचंही नाव घ्यायला हवं होतं.

आना-मारिया रिझुटो या अर्जेंटिनात जन्मलेल्या, पुढे बॉस्टनमध्ये काम केलेल्या कॅथलिक मनोविश्लेषक. १९७९ सालच्या त्यांच्या पुस्तकातला एक विचार शब्बाथ शाळेत शिकवणाऱ्या प्रत्येकाने ऐकावा. त्या म्हणतात, मूल देवाच्या घरी पहिल्यांदा येतं तेव्हा रिकाम्या हाताने येत नाही. स्वतःचा एक देव बगलेत घेऊन येतं. आई, बाप, आजी-आजोबा, त्यांचा आवाज, त्यांचा हात, त्यांचं रागावणं, यांतून तो देव मुलाने आधीच घडवलेला असतो. फ्रॉइडला त्यात नुसता बाप दिसला. या बाईंना आईही दिसली. मी पंधरा वर्षं शिकवलं, पण समोरच्या पोरांच्या बगलेत कोण आहे याकडे माझं कधी लक्ष गेलं नाही. ज्याचा बाप दारू पिऊन मारतो त्या मुलाला मी ‘देव आपला बाप आहे’ असं हसतमुखाने सांगत होते.

इंग्लंडचा बालरोगतज्ज्ञ आणि मनोविश्लेषक विनिकॉट, मेथडिस्ट घरात वाढलेला, त्याच्याकडे वळले की माझं मन निवतं. लहान मूल एखादी चिंधी, गोधडीचं टोक धरून झोपतं, ते काढून घेतलं की आकांत करतं. आई त्याला कधी विचारत नाही, की यातली ऊब गोधडीची की तुझ्या कल्पनेची? तो प्रश्न विचारायचा नसतो, असं विनिकॉट म्हणतो. आतलं आणि बाहेरचं यांच्यामध्ये एक जागा आहे, माणूस तिथे विसावतो, आणि पुढे कला आणि धर्म त्याच जागेत राहतात. मनोविश्लेषणातूनच आलेलं हे म्हणणं आहे. आजीने जुन्या लुगड्यांची शिवलेली गोधडी माझ्याकडे अजून आहे, म्हणून हे मला लवकर समजलं असेल.

मनोविश्लेषकांनी विश्वासावर अन्याय केला नाही असं मी म्हणणार नाही. प्रत्येक भाविकाला अपुरा वाढलेला माणूस समजणारे पुष्कळ होऊन गेले. शिवाय हे उपचार सावकाश चालतात, महाग पडतात आणि मराठीतून देणारी माणसं थोडी आहेत. रोजंदारीवरच्या माणसाने पुण्याला खेपा घालाव्यात असं मी कोणत्या तोंडाने सांगू? भास होतात, आवाज ऐकू येतात, जीव द्यावासा वाटतो, तिथे तर आधी डॉक्टर आणि औषधच हवं. आणि एक गोष्ट त्या बाईंना देता येत नव्हती, ती त्यांनी देऊही नये : ‘तुझ्या पापांची क्षमा झाली आहे’ हे वाक्य. ते मला मंडळीतच ऐकायचं होतं. फक्त ते ऐकायच्या लायकीचे कान मला पुण्याहून आणता आले.

आजी सांगायची, मिरजेत शस्त्रक्रियेच्या आधी प्रार्थना व्हायची आणि मग डॉक्टर सुरी हातात घ्यायचे. १८९४ पासूनचा तो दवाखाना. प्रार्थना केली म्हणून सुरी नको, किंवा सुरी आहे म्हणून प्रार्थना नको, असं तिथे कुणी म्हटलं नाही. पोटातल्या गाठीला आपण हे मान्य केलं. मनातल्या गाठीपाशी आलो की आपण विश्वासाचं माप काढतो.

पवित्र शास्त्रात तरी असं कुठे आहे? एलीया संदेष्टा रतामाच्या झुडपाखाली पडून ‘आता पुरे, माझा जीव घे’ म्हणाला, तेव्हा देवदूताने त्याला वचन वाचून दाखवलं नाही. त्याला उठवलं, निखाऱ्यावरची भाकर आणि पाणी दिलं, पुन्हा झोपू दिलं, पुन्हा उठवून खायला दिलं. पुढे डोंगरावर देवाने विचारलं, ‘एलीया, तू इथे काय करतोस?’ त्याने आपलं गाऱ्हाणं सांगितलं. देवाने तोच प्रश्न पुन्हा विचारला आणि तेच गाऱ्हाणं, शब्दाला शब्द, पुन्हा ऐकून घेतलं. पुण्याला पहिल्या वर्षी मी एकच गोष्ट किती वेळा सांगितली असेल, आणि त्या बाईंनी ‘हे झालं सांगून’ असं कधी म्हटलं नाही. आणि पौल? जे करायचं ते करत नाही, ज्याचा तिटकारा तेच करतो, असं रोमकरांना लिहिणाऱ्या माणसाला नेणिवेची, म्हणजे मनाच्या न दिसणाऱ्या भागाची, ओळख नव्हती असं कोण म्हणेल?

आता कळकळीचं मागणं.

कॅथलिक बांधव पापनिवेदन करतात आणि ऐकणारा धर्मगुरू ते मरेपर्यंत कुणाला सांगू शकत नाही. आपल्या परंपरेने ती प्रथा सोडली. माणसाने थेट देवाकडे जावं, हे कारण मला आजही मान्य आहे. पण त्या जागी आपण काय ठेवलं? प्रार्थनेचा विषय. व्हॉट्सॲपच्या ग्रुपवर नावानिशी, आजारानिशी, कधी कधी नवऱ्याच्या व्यसनानिशी फिरणारा विषय. देशात २०१७चा मानसिक आरोग्य कायदा आहे, त्यात रुग्णाच्या माहितीची गुप्तता हा हक्क आहे. डॉक्टर त्याला बांधलेला आहे. आपल्या सभा कशाला बांधलेल्या आहेत? त्या माणसाने स्वतःहून सांगितल्याशिवाय नाव घ्यायचं नाही, एवढा ठराव प्रत्येक मंडळीच्या कमिटीने करावा. नाव न घेता केलेली प्रार्थनाही देवाला पोचते.

चालू औषध बंद करा असं व्यासपीठावरून, घरच्या सभेत किंवा उपवास-प्रार्थनेत कुणी सांगणार नाही, ही जबाबदारी वडिलांनी घ्यावी. त्या मुलीने सभेनंतर चार दिवस गोळी घेतली नव्हती. चौथ्या रात्री तिच्या आईचा मला फोन आला. पुढचं लिहीत नाही. ती आता ठीक आहे.

सूचनाफलकावर उपासनेच्या वेळांखाली टेलिमानसचा १४४१६ हा क्रमांक लावावा; मानसिक त्रासात फोनवरून मदत करणारी सरकारची ही सेवा फुकट आहे आणि मराठीतून बोलता येतं. शब्बाथ शाळेच्या शिक्षकांना वर्षातून एकदा तरी एखाद्या जाणकाराने येऊन बालमनाबद्दल सांगावं. अलीशाची गोष्ट गाळा असं मी म्हणत नाही, पण ती सात वर्षांच्या पोराला झोपायच्या आधी सांगू नका.

आणि ऐकायला शिका. हे मी फार आदराने म्हणते. तुम्ही बोलायला शिकलेले आहात, तुम्हाला तेच शिकवलं गेलं. माणूस रडायला लागला की तुमचा हात आपसूक पवित्र शास्त्राकडे जातो. तो हात जरा वेळ मांडीवर राहू द्या. अर्धा तास, वचन न सांगता, उपाय न सांगता. ते किती कठीण आहे ते मला माहीत आहे. त्या मुलीसमोर बसले तेव्हा मलाही तीनदा तोंड मिटावं लागलं. ती तिसऱ्यांदा थांबल्यानंतर जे बोलली, त्यासाठीच ती आली होती.

आमच्या चर्चच्या मागच्या बाजूला एक खोली आहे. तिच्यात नाताळचे तारे, मोडकी पेटी आणि जुन्या गीतपुस्तकांचे गठ्ठे पडलेत. आठवड्यातून एक संध्याकाळ ती उघडी ठेवावी. दोन खुर्च्या, एक पाण्याचा तांब्या, दाराला पडदा. शिकलेला एखादा समुपदेशक महिन्यातून एकदा आला तर उत्तम. बाकी आठवडे तुमच्यापैकी कुणीतरी नुसतं बसावं. तिथे बोललेलं तिथेच राहील, असं दारावर लिहावं.

या महिन्याच्या पहिल्या रविवारी ट्रे माझ्याकडे आला, मी प्याला घेतला. माझ्या पुढच्या बाकावर एक पंधरा-सोळा वर्षांचा मुलगा होता. त्याने ट्रे दोन्ही हातांनी धरला, श्वास रोखला, आणि तसाच पुढे दिला. मी त्याला काही बोलले नाही, आणि त्याचं नाव तुम्हाला सांगणारही नाही.

खोली झाडायला मी शनिवारी सकाळी येते. चावी कुणाकडे असते तेवढं कळवा.

प्रभूमध्ये आपली,
मंडळीतली एक बहीण
कोल्हापूर